निकाल हाती, अंमल नाही : विलंब अवमान केव्हा ठरतो?

न्यायालयात खटला जिंकणे आणि जिंकलेले प्रत्यक्ष पदरात पडणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, याचा अनुभव निवृत्तिवेतनाच्या थकबाकीसाठी झगडणाऱ्या कर्मचाऱ्यापासून भूसंपादनाच्या वाढीव मोबदल्याची वाट पाहणाऱ्या शेतकऱ्यापर्यंत अनेकांना येतो. निकालाची प्रमाणित प्रत संबंधित कार्यालयात दिली जाते, तिची पोच मिळते आणि मग उत्तरे सुरू होतात. ‘प्रकरण विधी व न्याय विभागाकडे अभिप्रायासाठी पाठविले आहे’, ‘वित्त विभागाची मान्यता अपेक्षित आहे’, ‘अपील करण्याचे विचाराधीन आहे’, ‘साहेब नुकतेच रुजू झाले आहेत’. आदेश पाळणार नाही, असे कोणीही म्हणत नाही. तो फक्त पाळला जात नाही.

अशा वेळी पक्षकाराला वकिलाकडून हमखास ऐकू येणारा शब्द म्हणजे ‘कंटेम्प्ट’, अर्थात न्यायालयाचा अवमान. अवमान याचिका दाखल होताच वर्षानुवर्षे अडलेली फाईल काही दिवसांत हलते, असे चित्र दिसत असल्याने ही याचिका म्हणजे अंमलबजावणीचा रामबाण उपाय, असा समज रूढ झाला आहे. प्रत्यक्षात कायद्याची रचना तशी नाही. आदेश पाळण्यात झालेला प्रत्येक विलंब हा अवमान नसतो आणि अवमान सिद्ध झाला तरी जिंकलेल्या पक्षकाराच्या पदरात काही पडेलच, याची शाश्वती नसते. मग विलंबाचे रूपांतर अवमानात नेमके केव्हा होते? आणि तोपर्यंत पक्षकाराने काय करावे?

कायदा काय म्हणतो?

सर्वोच्च न्यायालयाला राज्यघटनेच्या अनुच्छेद १२९ अन्वये, तर उच्च न्यायालयांना अनुच्छेद २१५ अन्वये स्वतःच्या अवमानाबद्दल शिक्षा करण्याचा अधिकार आहे. या अधिकाराच्या वापराची चौकट ‘न्यायालय अवमान अधिनियम, १९७१’ या कायद्याने आखून दिली आहे. या कायद्यात अवमानाचे दोन प्रकार आहेत. न्यायालयाची बदनामी करणे किंवा न्यायदानाच्या कामात अडथळा आणणे हा फौजदारी अवमान. न्यायालयाचा निकाल, हुकूमनामा, निर्देश वा आदेश हेतुपुरस्सर न पाळणे, अथवा न्यायालयाला दिलेल्या हमीचा हेतुपुरस्सर भंग करणे हा दिवाणी अवमान. आदेशाच्या अंमलबजावणीतील विलंब येतो तो या दुसऱ्या प्रकारात.

वृत्तपत्रांतून गाजतात ती प्रकरणे बहुधा पहिल्या प्रकारची असतात. एखाद्या नेत्याचे, वकिलाचे किंवा लेखकाचे न्यायालयाविषयीचे वक्तव्य वादग्रस्त ठरते आणि अभिव्यक्तिस्वातंत्र्याची चर्चा रंगते. न्यायालयांच्या दैनंदिन कामकाजाचे चित्र मात्र उलटे आहे. विधी आयोगाने २०१८ मध्ये सादर केलेल्या २७४व्या अहवालानुसार देशभरातील उच्च न्यायालयांत दिवाणी अवमानाची ९६,३१० प्रकरणे प्रलंबित होती. त्या तुलनेत फौजदारी अवमानाच्या प्रकरणांची संख्या काही शेकड्यांतच होती. त्यानंतर हा आकडा वाढला असून, उच्च न्यायालयांतील प्रलंबित अवमान प्रकरणे १ लाख ४० हजारांहून अधिक असल्याचे मार्च २०२५ मध्ये संसदेत सांगण्यात आले. थोडक्यात, अवमानाचा खरा प्रश्न टीकेचा नसून आदेश न पाळण्याचा आहे.

‘हेतुपुरस्सर’ या शब्दाचे वजन

दिवाणी अवमानाच्या व्याख्येतील सर्वांत महत्त्वाचा शब्द म्हणजे ‘हेतुपुरस्सर’. आदेश पाळला गेला नाही, एवढे दाखविणे पुरेसे नाही. तो ठाऊक असताना, पाळणे शक्य असताना, जाणूनबुजून पाळला नाही, हे दिसले पाहिजे. सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये रामकिशन विरुद्ध तरुण बजाज या प्रकरणात या शब्दाचा अर्थ विस्ताराने स्पष्ट केला. अनवधानाने, अपघाताने, प्रामाणिक गैरसमजातून किंवा खऱ्याखुऱ्या असमर्थतेमुळे झालेले उल्लंघन या व्याख्येत बसत नाही, असे त्यात सांगितले आहे. अवमानाची कारवाई फौजदारी स्वरूपाशी मिळतीजुळती असल्याने पुराव्याची अपेक्षाही साहजिकच काटेकोर असते.

येथेच दरखास्त आणि अवमान याचिका यांतील फरक लक्षात घ्यावा लागतो. हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीसाठी दिवाणी न्यायालयात दरखास्त दाखल होते, तेव्हा समोरच्याने हुकूम का पाळला नाही, याच्याशी न्यायालयाला फारसे कर्तव्य नसते. हुकूम पाळला गेलेला नाही, एवढ्यावर जप्ती, ताबा इत्यादी उपाय योजता येतात. अवमान याचिकेत मात्र ‘का पाळला नाही’ हाच मुख्य प्रश्न असतो. सर्वोच्च न्यायालयाने नियाझ मोहम्मद विरुद्ध हरियाणा राज्य या १९९४ च्या प्रकरणात हा भेद अधोरेखित केला होता. दरखास्त ही दोन पक्षकारांमधील बाब असते. अवमान ही न्यायालय आणि आदेश मोडणारा यांच्यातील बाब असते. याचिकाकर्ता तेथे एका अर्थी केवळ माहिती देणारा असतो. त्याच्या पदरात काही पडलेच, तर ते न्यायालयाच्या प्रतिष्ठेच्या रक्षणातून, ओघाने पडते.

मुदत असलेला आणि नसलेला आदेश

विलंबाचे मोजमाप सोपे होते ते आदेशात मुदत असेल तर. ‘आठ आठवड्यांत रक्कम अदा करावी’ असा आदेश असेल, तर ती मुदत उलटताच आदेशाचे उल्लंघन घडते. मग स्पष्टीकरणाची जबाबदारी व्यवहारतः आदेश न पाळणाऱ्यावर येते. मुदत अपुरी असल्यास ती संपण्यापूर्वीच न्यायालयात अर्ज करून वाढ मागणे हा त्याच्यासमोरील सरळ मार्ग असतो. मुदत उलटू द्यायची, अवमान याचिकेची नोटीस आली की धावपळ करायची आणि मग मुदतवाढ मागायची, ही पद्धत न्यायालयांच्या नाराजीचे सर्वाधिक कारण ठरते.

आदेशात मुदतच नसेल, तर तो ‘वाजवी कालावधीत’ पाळला जाणे अपेक्षित असते. पण वाजवी म्हणजे किती, हा वादाचा विषय होतो. एका प्रमाणपत्रासाठी सहा महिने अवाजवी ठरू शकतात आणि अनेक विभागांच्या मान्यतेने नवी पदे निर्माण करण्यासाठी तेवढाच काळ वाजवी मानला जाऊ शकतो. याचिकेच्या अंतिम सुनावणीतच कालमर्यादा आणि विलंबावरील व्याज मागून घेण्याचे महत्त्व त्यामुळे मोठे आहे. अवमानाची सुनावणी करणारे न्यायालय मूळ आदेशाच्या चौकटीबाहेर जाऊन नवे काही देऊ शकत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने सुधीर वासुदेव विरुद्ध एम. जॉर्ज रविशेखरन या प्रकरणात २०१४ मध्ये स्पष्ट केले आहे. मूळ आदेशात जे मागायचे राहिले, ते अवमान याचिकेत मिळत नाही.

‘आम्ही अपील केले आहे’ हे विलंबाचे आणखी एक नेहमीचे कारण. अपील दाखल होताच आदेशाला आपोआप स्थगिती मिळते, असा समज सरकारी कार्यालयांत दिसून येतो. तो चुकीचा आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१, नियम ५ नुसार केवळ अपील दाखल केल्याने मूळ निकाल स्थगित होत नाही. त्यासाठी वरिष्ठ न्यायालयाने स्वतंत्र स्थगिती द्यावी लागते. तथापि, स्थगितीचा अर्ज प्रलंबित असताना अवमानाची कारवाई पुढे रेटण्यापेक्षा तो अर्ज आधी लवकर निकाली काढणे इष्ट, अशी भूमिका सर्वोच्च न्यायालयाने मॉडर्न फूड इंडस्ट्रीजच्या १९९५ मधील प्रकरणात घेतली आहे. परिणामी अपील आणि स्थगितीचा अर्ज दाखल करून ठेवायचा, पण तो सुनावणीस येण्यासाठी हालचाल करायची नाही, या डावपेचाला वाव राहतो.

शेवटच्या दिवसाआधी भरलेली रक्कम

मुदत, हमी आणि विलंब यांचे नाते समजून घेण्यासाठी एरिक्सन कंपनीने रिलायन्स कम्युनिकेशन्सविरुद्ध दाखल केलेले प्रकरण उपयुक्त आहे. एरिक्सनची थकबाकी ५५० कोटी रुपयांत मिटविण्याची तडजोड २०१८ मध्ये झाली होती. सर्वोच्च न्यायालयाने ३ ऑगस्ट २०१८ रोजी ही रक्कम ३० सप्टेंबरपर्यंत देण्यास सांगितले. ती दिली गेली नाही. २३ ऑक्टोबरला शेवटची संधी म्हणून १५ डिसेंबरपर्यंतची मुदत देण्यात आली आणि विलंबासाठी १२ टक्के व्याज लावण्यात आले. तीही तारीख उलटली.

मालमत्तेच्या विक्रीतून पैसे येणार होते आणि ती विक्रीच झाली नाही, असा बचाव कंपनीच्या बाजूने करण्यात आला. न्यायालयाला दिलेल्या हमीत अशी अट नव्हती, असे सांगून तो फेटाळण्यात आला. २० फेब्रुवारी २०१९ रोजी कंपनीचे अध्यक्ष अनिल अंबानी व अन्य दोन समूह कंपन्यांचे अध्यक्ष अवमानाबद्दल दोषी ठरले. त्यांनी मागितलेली माफीही स्वीकारली गेली नाही. न्यायालयाने चार आठवड्यांत उर्वरित सुमारे ४५३ कोटी रुपये भरण्यास सांगितले आणि तसे न झाल्यास तीन महिने कैदेची तरतूद केली. तिन्ही कंपन्यांना प्रत्येकी एक कोटी रुपये दंडही झाला. मुदत संपण्यास एक दिवस उरला असताना, १८ मार्च २०१९ रोजी रक्कम भरली गेली.

या प्रकरणात दोन बाबी लक्षणीय आहेत. पहिली, न्यायालयाने विलंबाला लगेच अवमान मानले नाही. दोनदा मुदत दिली, व्याज लावले आणि त्यानंतरच दोष निश्चित केला. दुसरी, शिक्षेला जोडलेल्या अटीमुळे अंमलबजावणी झाली. ‘पैसे भरा अन्यथा तुरुंगात जा’ या वाक्याने जे साधले, ते आधीच्या दोन तारखांनी साधले नव्हते.

महाराष्ट्रातील मंत्र्याला झालेली कैद

खासगी कंपनीबाबत कठोर होणारी न्यायालये शासनाबाबत सौम्य असतात, असे म्हटले जाते. त्याला महाराष्ट्रातीलच एक ठळक अपवाद आहे. टी. एन. गोदावर्मन यांच्या वनसंरक्षणविषयक याचिकेत सर्वोच्च न्यायालयाने ४ मार्च १९९७ रोजी महाराष्ट्र व उत्तर प्रदेशातील विनापरवाना आरागिरण्या, व्हिनियर व प्लायवूड उद्योग बंद करण्याचा आणि न्यायालयाच्या पूर्वपरवानगीविना त्याबाबतच्या अटी शिथिल न करण्याचा आदेश दिला होता. असे असताना राज्यात काही उद्योगांना परवानगी देण्यात आली. १० मे २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने माजी वनमंत्री आणि त्या वेळी राज्य मंत्रिमंडळात असलेले स्वरूपसिंग नाईक, तसेच वन विभागाचे प्रधान सचिव राहिलेले अशोक खोत यांना प्रत्येकी एक महिन्याच्या साध्या कैदेची शिक्षा सुनावली. नाईक यांना मंत्रिपद सोडावे लागले.

हे प्रकरण विलंबाचे नव्हे, तर आदेशाच्या विरुद्ध कृती करण्याचे होते. तरीही त्यातून निघालेला धडा विलंबालाही लागू पडतो. ‘फाईल खालून तशी आली’ किंवा ‘वरून तसे सांगण्यात आले’ या सबबी चालत नाहीत. दिवाणी अवमानात शासन नावाची अमूर्त संस्था तुरुंगात जात नाही. आदेश ठाऊक असलेली आणि तो पाळण्याचे अधिकार असलेली व्यक्ती उत्तरदायी ठरते.

सोळा वर्षे आणि पंचवीस हजार

तथापि, अशी उदाहरणे विरळच. सर्वसामान्य प्रकरणांचा प्रवास कसा असतो, हे जम्मू-काश्मीरच्या एका प्रकरणातून दिसते. तेथील रोजंदारी कामगारांना नियमित करण्याच्या मागणीचा विचार करण्याचा आदेश उच्च न्यायालयाने ३ मे २००७ रोजी दिला होता. त्यानंतर सुमारे सोळा वर्षे प्रशासन एकामागून एक कारणे पुढे करीत राहिले. अवमानाच्या कारवाईविरुद्ध प्रशासन सर्वोच्च न्यायालयात गेले, तेव्हा ७ मार्च २०२५ रोजी न्यायालयाने अधिकाऱ्यांच्या हटवादीपणावर कडक ताशेरे ओढत २५ हजार रुपये खर्च बसविला. हा खर्च दोषी अधिकाऱ्यांकडून वसूल करावा आणि उच्च न्यायालयाने अवमानाची सुनावणी दर आठवड्याला घ्यावी, असेही सांगण्यात आले. रोजंदारीवर जगणाऱ्या माणसाच्या आयुष्यातील सोळा वर्षे आणि पंचवीस हजार रुपये यांचा हिशेब जुळत नाही, हे सांगण्यासाठी कायद्याच्या अभ्यासाची गरज नाही.

‘विचार करावा’ असा आदेश असला, की प्रशासनाला एक पळवाट मिळते. मागणीचा ‘विचार करून’ ती नाकारणारे पत्र काढायचे. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये जे. एस. परिहार विरुद्ध गणपत दुग्गर या प्रकरणात असे म्हटले आहे की, न्यायालयाच्या निर्देशानुसार एकदा निर्णय घेतला गेला की तो चूक असला तरी अवमान होत नाही. त्याविरुद्ध नव्याने दाद मागावी लागते. तत्त्व म्हणून हे योग्यच आहे, कारण अवमान याचिका म्हणजे दुसरे अपील नव्हे. पण त्याचा व्यवहारातील परिणाम असा होतो की, अनेक वर्षांनी अवमान याचिका सुनावणीस आल्यावर आदल्या आठवड्यात काढलेले नकाराचे पत्र सादर केले जाते, याचिका निकाली निघते आणि पक्षकार पुन्हा पहिल्या पायरीवर येतो.

बदल्या हेही असेच एक कारण. आदेश झाला तेव्हाचे अधिकारी बदलून गेलेले असतात, नवे अधिकारी ‘आपल्याला अलीकडेच कळले’ असे सांगतात. विलंब कार्यालयाचा असतो, हेतू मात्र व्यक्तीचा सिद्ध करावा लागतो. या फटीतून असंख्य प्रकरणे निसटतात.

एका वर्षाचा सापळा

पक्षकारांना सर्वाधिक महाग पडणारी तरतूद म्हणजे अधिनियमाचे कलम २०. अवमान घडल्याच्या तारखेपासून एक वर्ष उलटल्यानंतर न्यायालयाला अवमानाची कारवाई सुरू करता येत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये पल्लव शेठ प्रकरणात या कठोर तरतुदीला थोडी सवलत दिली. एका वर्षात अर्ज दाखल झालेला असला, तर न्यायालयाने पुढे केव्हाही दखल घेतली तरी चालते, असा त्याचा अर्थ. परंतु अर्जच वर्षानंतर केला, तर दार बहुधा बंद असते.

‘आदेश अजूनही पाळलेला नाही, म्हणजे अवमान रोज घडतोच आहे’ हा युक्तिवाद सामान्य माणसाला पटण्याजोगा असला, तरी तो प्रत्येक वेळी टिकत नाही. मुदत उलटताच उल्लंघन पूर्ण होते. त्याचे परिणाम पुढे भोगावे लागतात म्हणून उल्लंघन सुरूच आहे असे होत नाही, हा भेद सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०२४ मधील एस. तिरुपती राव प्रकरणातील निकालात तपशिलाने मांडला आहे. त्यामुळे ‘पुढच्या महिन्यात होऊन जाईल’ या आश्वासनावर विसंबून राहिलेला पक्षकार अडचणीत येतो. गोड बोलून काढलेले वर्ष आदेश न पाळणाऱ्याच्या पथ्यावर पडते आणि सौजन्य दाखविणाऱ्याच्या विरोधात जाते.

न्यायालयांचाही हात आखडता

या चित्राची दुसरी बाजूही आहे. आदेश पाळण्यात खऱ्या अडचणी असू शकतात. निधीची तरतूद, विधिमंडळाची मान्यता, एकापेक्षा अधिक विभागांचे सहकार्य यांना वेळ लागतो. किरकोळ कारणावरून सचिव दर्जाच्या अधिकाऱ्यांना न्यायालयात उभे करण्याच्या प्रथेवर सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०२१ मध्ये उत्तर प्रदेशातील एका प्रकरणात नापसंती व्यक्त केली होती. त्यानंतर अलाहाबाद उच्च न्यायालयाने निवृत्त न्यायमूर्तींच्या सुविधांबाबतच्या प्रकरणात २०२३ मध्ये उत्तर प्रदेशच्या वित्त विभागाच्या दोन सचिवांना ताब्यात घेण्याचा आदेश दिला. सर्वोच्च न्यायालयाने ३ जानेवारी २०२४ रोजी तो रद्द ठरवून सर्व न्यायालयांसाठी कार्यपद्धती घालून दिली. अधिकाऱ्यांना बोलावणे अनिवार्य असेल तेव्हा प्रथम दूरदृश्य प्रणालीचा पर्याय द्यावा, त्यांच्या पेहरावावर किंवा व्यक्तिमत्त्वावर शेरेबाजी करू नये, अवमानाची कारवाई सुरू करताना संयम बाळगावा आणि अंमलबजावणीसाठी मुदत ठरविताना शासकीय निर्णयप्रक्रियेचे टप्पे ध्यानात घ्यावेत, असे त्यात म्हटले आहे.

हा संयम आवश्यक आहे, यात शंका नाही. मात्र शासनाच्या अडचणींना मुदत मिळते, त्याच काळात पक्षकाराच्या अडचणींना मुदत मिळत नाही. मुलीचे शिक्षण, घराचे हप्ते आणि औषधोपचार ‘विचाराधीन’ ठेवता येत नाहीत.

शंभर वर्षांपूर्वीचा दंड

अवमान सिद्ध झाला तरी शिक्षेचे स्वरूप काय? कलम १२ नुसार जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. यातील दोन हजारांचा आकडा थेट १९२६ च्या अवमान कायद्यातून आलेला आहे. १९५२ मध्ये कायदा नवा झाला, १९७१ मध्ये पुन्हा नवा झाला, पण दंडाची मर्यादा तीच राहिली. उत्तर प्रदेशचे माजी मुख्यमंत्री कल्याणसिंह यांना अयोध्येसंबंधी दिलेल्या हमीच्या भंगाबद्दल १९९४ मध्ये एक दिवसाची कैद आणि दोन हजार रुपये दंड झाला. चार कोटी डॉलर मुलांच्या नावे वळविल्याच्या प्रकरणात उद्योगपती विजय मल्ल्या यांना जुलै २०२२ मध्ये चार महिन्यांची कैद झाली, तेव्हाही कायद्यातील दंड दोन हजारच होता.

दिवाणी अवमानात कायद्याचा कल दंडाकडे आहे. दंडाने न्यायाचा हेतू साध्य होणार नाही असे वाटले, तरच न्यायालयाने दिवाणी तुरुंगात स्थानबद्ध करण्याचा विचार करावा, असे कलम १२ सांगते. शिवाय मनापासून माफी मागितल्यास शिक्षा माफ करण्याचीही तरतूद आहे. त्यामुळे आदेश पाळणे, माफी मागणे आणि याचिका निकाली निघणे, असा बहुतेक प्रकरणांचा शेवट होतो. झालेल्या विलंबाची भरपाई त्यात नसते. याचिका फेटाळली गेली, तर कलम १९ खालील अपिलाचा अधिकारही याचिकाकर्त्याला नाही. तो केवळ शिक्षा झालेल्याला आहे.

न्यायालये या चौकटीतून कधी कधी वेगळी वाट काढतात. आंध्र प्रदेशात गुंटूर जिल्ह्यात उच्च न्यायालयाचा आदेश असताना झोपड्या पाडणाऱ्या अधिकाऱ्याला उच्च न्यायालयाने दोन महिन्यांची कैद सुनावली होती. मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तुरुंगाऐवजी त्याला उपजिल्हाधिकारी पदावरून तहसीलदार पदावर आणले आणि एक लाख रुपये दंड केला. नोकरशाहीला दोन हजारांच्या दंडापेक्षा ही भाषा अधिक लवकर समजते.

अन्य मार्ग कोणते?

प्रत्येक आदेशासाठी अवमान याचिका हाच मार्ग नसतो. दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासाठी दरखास्त हा मुख्य उपाय आहे. मनाई हुकूम मोडला गेल्यास दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम २-अ अन्वये त्याच न्यायालयात अर्ज करता येतो. त्यात मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाला १९८५ च्या कायद्याच्या कलम १७ अन्वये स्वतःच्या अवमानाची दखल घेण्याचे अधिकार आहेत. ग्राहक आयोगाचा आदेश न पाळल्यास २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्याच्या कलम ७२ नुसार एक महिना ते तीन वर्षे कैद, २५ हजार ते एक लाख रुपये दंड किंवा दोन्ही होऊ शकतात.

अर्थात दरखास्तींची स्थितीही समाधानकारक नाही. त्या सहा महिन्यांत निकाली काढाव्यात, असे सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२१ मध्ये सांगितले होते. मार्च २०२५ मध्ये त्याचा पुनरुच्चार झाला. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये न्यायालयासमोर आलेल्या माहितीनुसार देशभरात ८.८२ लाखांहून अधिक दरखास्ती प्रलंबित होत्या आणि त्यांत मुंबई उच्च न्यायालयाच्या अधिकारक्षेत्राचा वाटा तीन लाखांहून अधिक होता.

पक्षकाराने घ्यावयाची दक्षता

* अंतिम सुनावणीतच अंमलबजावणीची निश्चित मुदत आणि विलंबावरील व्याज यांची मागणी नोंदवावी.
* आदेशाची प्रमाणित प्रत पत्रासोबत संबंधित अधिकाऱ्याच्या पदनामाने द्यावी आणि दिनांकित पोच जपून ठेवावी. आदेश ठाऊक होता, हे सिद्ध करण्याचा तो पहिला पुरावा असतो.
* अधिकारी बदलल्यास नव्या अधिकाऱ्याला पुन्हा प्रत द्यावी.
* मुदत संपल्याची तारीख नोंदवून ठेवावी आणि त्यापासून एक वर्षाची मर्यादा मोजावी. तोंडी आश्वासनांमुळे ही मर्यादा वाढत नाही.
* समोरच्या पक्षाने अपील केल्याचे सांगितल्यास स्थगिती आदेशाची प्रत मागावी. स्थगिती नसेल, तर आदेश लागूच असतो.
* दिवाणी अवमानासाठी महाधिवक्त्यांच्या संमतीची आवश्यकता नसते. ती अट फौजदारी अवमानासाठी आहे.
* नकाराचे पत्र मिळाल्यास अवमान याचिकेवर विसंबून न राहता त्या पत्राला स्वतंत्रपणे आव्हान देण्याबाबत तातडीने सल्ला घ्यावा.

अवमानाचा कायदा न्यायालयाची प्रतिष्ठा राखण्यासाठी झाला, पक्षकाराची थकबाकी वसूल करून देण्यासाठी नव्हे. तरीही लाखाहून अधिक लोक त्याच्याच आधाराने न्यायालयाच्या दारात पुन्हा उभे आहेत, कारण आदेश पाळण्याची सवय व्यवस्थेला लागलेली नाही आणि तो उशिरा पाळण्याची किंमत उशीर करणाऱ्याला द्यावी लागत नाही. दंडाची मर्यादा वाढविणे, विलंबाचे व्याज जबाबदार अधिकाऱ्याच्या वेतनातून वसूल करणे, प्रत्येक आदेशात मुदत घालणे हे उपाय नवे नाहीत आणि अवघडही नाहीत. ते होईपर्यंत निकालाचा दिवस हा लढाईचा अखेरचा दिवस नसून, दिनदर्शिकेवर नव्याने खुणा करण्याचा दिवस आहे, हे प्रत्येक पक्षकाराने ध्यानात ठेवलेले बरे.